सही, तारीख, पोच

माणसावर विश्वास जरूर ठेवावा, पण त्याची सही घेऊन, असं मानणारा आमच्या खालच्या मजल्यावरच्या काकांसारखा दुसरा माणूस अख्ख्या कोपरखैरण्यात सापडायचा नाही. मुलीच्या लग्नाची पत्रिका द्यायला आले तेव्हाही पिशवीतून दुसरी प्रत काढून म्हणाले, "ही तुझी. आणि हिच्यावर सही कर, मिळाली म्हणून." एकदा माझ्याकडून शिडी नेली तीही रीतसर अर्ज देऊन. 'विषय : माळ्यावरील पिंप उतरवणेबाबत.' मी हसत हसत शिडी दिली, तर म्हणाले, "हसतेस काय? अर्जाची पोच दे आधी." खालून काकू ओरडल्या, "देऊन टाक गं बाई! भाजी काय करू विचारलं तरी लेखी विचार म्हणतात मेले." हे काकूंचं जरा जास्तच होतं, पण फार जास्त नव्हतं.

काका तळोज्याला एका सरकारी महामंडळाच्या कारखान्यात फिटर होते. शेवटचे चौदा महिने यंत्रं बंद आणि पगारही बंद. तरी हे रोज डबा घेऊन जायचे, हजेरीपटावर सही करायचे, बंद यंत्रांना तेल घालायचे आणि संध्याकाळी परत यायचे. मग एक दिवस कामगार कपातीचं पत्र हातात पडलं. थकलेला पगार मागायला गेले तर साहेब म्हणाले, "कारखाना बंद होता, मग काम कसलं केलंत?" आणि काकूंचा भाऊ तर दिवाळीच्या फराळाला बसून म्हणाला, "दाजी, बसून खायचा पगार कोण देणार?" काका हातातली चकली तशीच ठेवून उठले. पैसे तर हवेच होते, घराचे हप्ते काकू ब्लाउज शिवून भरत होत्या. पण आपण फुकटखाऊ नव्हतो, हे काकांना कागदावर हवं होतं.

तेव्हापासून दर सोमवारी बेलापूरच्या मुख्य कार्यालयात एक अर्ज. माझी नोकरी बेलापुरातच, त्यामुळे माझ्या स्कूटरवर मागे काका आणि आमच्या दोघांच्या मध्ये कागदांची पिशवी. उरणफाट्याच्या पुलावर वारा लागला की मागून हुकूम यायचा, "हळू चालव! आपण पडलो तर पडलो, कागद उडता कामा नये." आवक खिडकीवरची बाई त्यांना पाहूनच शिक्का उचलायची. एकदा तिने तो उलटा मारला, तर पुढच्या सोमवारी त्याबद्दल वेगळा अर्ज देऊन काकांनी सुलटा शिक्का मिळवला.

अशी सहा वर्षं गेली. प्रकरण कामगार न्यायालयात पोचलं. न्यायालयाने महामंडळाला मूळ हजेरीपट आणायला सांगितला, आणि तारीख जवळ आली तरी तो काही सापडेना. शेवटी तेच साहेब घाम पुसत आमचा जिना चढून आले. "काका, तुमच्याकडे झेरॉक्स असेल ना?"

असणारच! दर महिनाअखेरीला काकांनी हजेरीपटाची प्रत काढून तिच्यावर सुपरवायझरची सही घेऊन ठेवली होती; आजवर 'झेरॉक्स चालत नाही' म्हणून ती कुणी हातातही घेतली नव्हती. पण काका शांतपणे म्हणाले, "असेल. अर्ज करा."

साहेबांनी आमच्यादेखत शिलाई मशीनवर कागद ठेवून अर्ज लिहिला. मग काकांनी कपाटातून एक कोरा करकरीत रबरी शिक्का काढला. 'आवक.' कधी करून घेतला होता देव जाणे! तो फुंकर मारून उमटवला आणि म्हणाले, "पंधरा दिवसांनी या."

"अहो!" काकू कडाडल्या.

"बरं, चहा होईपर्यंत थांबा."

दोन महिन्यांनी थकलेल्या पगाराच्या मंजुरीचं पत्र आलं. रक्कम काकूंनी वाचली. काकांनी वाचली ती फक्त एक ओळ : 'सदर कर्मचारी उपरोक्त कालावधीत कामावर नियमित हजर होता.' काकूंना वाचून दाखवली, मला दाखवली, मग मेव्हण्याला फोन लावून दोनदा वाचली. दुसऱ्या वेळी 'नियमित' हा शब्द जरा मोठ्याने.

पुढच्या सोमवारी मी सवयीने गेटपाशी हॉर्न वाजवला. काका घरच्याच कपड्यांत खाली आले, पिशवीशिवाय. हातात पाकीट. 'विषय : दर सोमवारी मागे बसवून नेल्याबद्दल.' खाली लिहिलं होतं, 'आपण एकदाही कंटाळला नाहीत, याची नोंद घेण्यात आली आहे.'

खरं तर मी कितीदा तरी वैतागले होते. घरी येऊन नवऱ्याजवळ काय काय बोलले होते. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"बघत काय बसलीस? पोच दे," काका म्हणाले.

मी सही केली, तारीख घातली आणि डोळे पुसत निघाले. उरणफाट्याच्या पुलावर वारा होता. मी सवयीने गाडी हळू केली. मागे कुणीच नव्हतं.