नवाबसाहेबांची बग्गी आणि माझे इवाई

नवाबसाहेब भाव सांगत नसत, ही माझी त्यांच्याविरुद्धची पहिली तक्रार.

मी जुन्या सामानाच्या धंद्यात हातगाडीपासून सुरुवात केली. शहागंजात बाटल्या आणि रद्दी गोळा करत गल्ल्या पालथ्या घातल्या, मग लाकडी सामानात शिरलो, मग स्वतःचं दुकान टाकलं. एवढ्या सगळ्या वाटेवर ज्याच्याशी भांडताच येत नाही असा विकणारा मला एकच भेटला. मी विचारायचो, "नवाबसाहेब, या कपाटाचं काय घ्याल?" ते म्हणायचे, "जो मुनासिब समझो." आता याला काय उत्तर द्यायचं? समोरच्यानं आभाळाला भिडणारा आकडा सांगावा, मी कपाळावर हात मारून उठावं, दारापर्यंत जावं, त्यानं परत बोलवावं. यात जी मजा आहे ती या माणसानं मला कधी मिळू दिली नाही.

पडेगावच्या बाजूला, दौलताबाद रस्त्याला लागून, आंब्याच्या बागेत त्यांचा बंगला होता. पोलीस ॲक्शननंतर जहागिरी गेल्या. त्यांचे भाऊ कराचीला गेले, चुलते हैदराबादला गेले, हे मात्र हलले नाहीत. का राहिलात असं विचारलं तर म्हणायचे, "आमों का मौसम था." यापुढे त्या विषयावर ते कधी बोलले नाहीत आणि मीही खोदून विचारलं नाही.

त्यांचे वडील विलायतेला जाऊन आलेले, त्यामुळं घरात सगळा इंग्रजी थाट. चार वाजले की चहा. कपाचा कान तुटलेला असला तरी बशीतला चमचा चांदीचा. जेवायला लांबच लांब टेबल, त्याच्या एका टोकाला नवाबसाहेब आणि दुसऱ्या टोकाला कुणीच नाही, कारण बेगमसाहेबा आणि तिघी मुली आत दस्तरखान अंथरून जेवायच्या. आतून हसण्याचा आवाज यायचा आणि नवाबसाहेब सूप पीत तिकडं कान लावून बसायचे. ते टेबल मी उचललं त्या दिवशी मला वाटलं, त्यांना वाईट वाटत असेल. तर मला म्हणाले, "शुक्रिया. उद्यापासून मलाही आत बसता येईल."

भाव ठरायचा तो बांबूच्या चिकाच्या पडद्याआडून. बेगमसाहेबा मला कधी दिसल्या नाहीत, पण त्यांनी शहागंजात दुकान टाकलं असतं तर मला गाशा गुंडाळावा लागला असता, एवढं त्या आवाजावरून सांगतो. मी आरसा डागाळलाय म्हटलं की पडद्याआडून यायचं, "आरसा साफ है मियाँ, चेहरा धो के देखो." मग मुली खिदळायच्या. मला राग यायचा आणि बरंही वाटायचं. निदान कुणीतरी भांडत होतं.

धंद्यात माझा एक नियम होता. जी वस्तू हवी तिच्याकडं बघायचं नाही, आणि बघावंच लागलं तर तिला नावं ठेवायची. या नियमावर माझं दुकान उभं राहिलं.

मला त्या घरातली बग्गी हवी होती. विलायती बनावटीची, काळी कुळकुळीत, पितळी दिव्यांची, वर चामड्याचा घडीचा टप. पण ती विकण्यासाठी नाही. माझ्या मुलीचं लग्न ठरलं होतं देवगाव रंगारीला, चांगल्या जमीनदार घरात. सुपारी फुटली त्या दिवशी मुलाचे वडील, म्हणजे माझे इवाई, भर बैठकीत मिशीवर हात फिरवत म्हणाले, "नवरदेवाला घोडं तरी मिळंल का इवाई, का तुमच्या हातगाडीवर बसून यावं लागंल मांडवात?"

सगळी बैठक हसली. माझी कानशिलं तापली. मी उभा राहिलो आणि म्हणालो, "घोडं कशाला? तुमचा मुलगा नवाबाच्या बग्गीतून मांडवात येईल. माझ्या बग्गीतून. नाही आला तर माझं नाव बदला." बायकोनं मागून उपरणं ओढलं, पण शब्द सुटून गेला होता. लग्न होतं माघात, आणि बग्गी होती नवाबसाहेबांच्या तबेल्यात.

बेगमसाहेबांनी तर हात झटकले. "बग्गी का नक्को पूछो हमको. वो ससुरजी की है, नवाबसाहब जानें." म्हणजे गाठ पुन्हा त्या भाव न सांगणाऱ्या माणसाशी. मी माझ्या पद्धतीनं लागलो कामाला. आज म्हणायचो, मागचं चाक डगमगतंय. पुढच्या खेपेला कमान गंजलीय. त्याच्या पुढच्या खेपेला चामडं उंदरांनी खाल्लंय, भंगारातही कुणी घेणार नाही, तुमची अडचण म्हणून मी उचलतो. नवाबसाहेब शांतपणे ऐकून घ्यायचे, बग्गीच्या दांडीवरून हात फिरवायचे आणि म्हणायचे, "आप ठीक कहते होंगे." आतून बेगमसाहेबांचा आवाज, "इनको चाय दो कोई. बुराइयां करते करते गला सूख गया होगा."

असं करता करता पौष लागला. शेवटी मी भाव बोललो, स्वतःहून, आणि चांगला बोललो; मुलीच्या लग्नाला हवी, हेही सांगून टाकलं. नवाबसाहेबांनी नकारार्थी मान हलवली. "इतनी खराब चीज़ आपको कैसे बेचूं? बेटी की शादी है. चाक निघालं तर मी तोंड कुठं दाखवू?"

मी पेटलो. चाक चांगलं आहे असं आता म्हणायचं कसं? महिनाभर ते वाईट आहे असं मीच तर सांगत होतो.

त्याच आठवड्यात इवाई लग्नाचा बस्ता बांधायला शहरात आले. दोन थैल्या कापड घेऊन माझ्या दुकानात बसले आणि म्हणाले, "आधी बग्गी दावा. मग चहा." नाही म्हणायची सोय नव्हती. पडेगावच्या वाटेवर मी त्यांना दहादा बजावलं, "गाडीला चांगलं म्हणू नका. तोंड वाकडं करा. बाकी मी बघतो."

"व्हय, व्हय. मी काय लहान लेकरू हाय का?"

तबेल्याचं दार उघडलं आणि माझे इवाई लहान लेकरू झाले. त्यांचं सगळं आयुष्य बैल आणि गाड्या यांच्यात गेलेलं. धोतर सावरत ते खाली बसले, चाकाचा आस बघितला, आरा वाजवून बघितला, कमान दाबून बघितली. मी खोकलो. पुन्हा खोकलो. तिकडं लक्ष कुणाचं? उठून त्यांनी टोपी काढली आणि नवाबसाहेबांना म्हणाले, "लई झ्याक गाडी हाय, सरकार. आख्ख्या जल्मात अशी नाय बघितली. ज्यानं बनवली त्याचं हात धरावं वाटत्यात."

नवाबसाहेबांचा चेहरा एकदम उजळला. ते दोन पावलं पुढं आले आणि इवाईंचा हात हातात घेऊन म्हणाले, "आपको पसंद आई? तो आपकी हुई."

इथं एक गोष्ट समजून घ्या. त्यांच्या घरात पाहुण्यानं एखादी वस्तू वाखाणली की ती तुमचीच असं म्हणायची रीत होती. मग पाहुण्यानं म्हणायचं, नको, आपल्याकडेच शोभते. पुन्हा ते म्हणणार, नेलीच पाहिजे. पाहुण्यानं पुन्हा हात जोडायचे. अशानं वस्तू जागेवर राहायची आणि दोघांचाही मान राहायचा. हे मला माहीत होतं, कारण एकदा मी चुकून त्यांच्या अत्तरदाणीला छान म्हणालो होतो.

इवाईंच्या गावची रीत वेगळी. मोठ्या माणसानं हात पुढं करून मानानं दिलेलं नाकारलं, तर त्याचा अपमान. मी मागून त्यांचा सदरा ओढत होतो. त्यांनी माझा हात झटकला, टोपी घातली, वाकून नमस्कार केला आणि म्हणाले, "सरकार देत्यात तर नाय कसं म्हनू?"

नवाबसाहेब क्षणभर इवाईंकडं बघत राहिले. मग मोठ्यानं हसले. इतकं हसताना मी त्यांना कधीच पाहिलं नव्हतं. मी ओरडलो, "नवाबसाहेब, मी पैसे देत होतो! रोख!"

"जी हां," ते म्हणाले. "इन्होंने दाद दी."

दोन दिवसांनी इवाईंनी गावाकडून खिल्लारी बैल आणले, बग्गीला जुंपले आणि माझ्या दुकानासमोरून, मुद्दाम माझ्याच दुकानासमोरून, ती देवगावला नेली. मी घरी येऊन लग्न मोडतो म्हणून ताट भिरकावलं. बायको ताट उचलत म्हणाली, "नवरदेव नवाबाच्या बग्गीतून येईल असंच म्हणाला होतात ना? येतोय की."

"माझ्या बग्गीतून म्हणालो होतो!"

"ते कुणी ऐकलंय?" ती म्हणाली आणि पापड लाटायला गेली. मुलगी आतल्या खोलीत तोंडाला पदर लावून हसत होती, ते मला दिसलं.

लग्नाच्या दिवशी बग्गी आली. बैलांच्या शिंगांना गोंडे, दिव्यांना झेंडूच्या माळा, आत नवरदेव आणि पुढं कासरा धरून खुद्द इवाई. अख्खी गल्ली रस्त्यावर उतरली. इवाई माझ्यासमोर बैल थांबवून म्हणाले, "इवाई, तुमचा सबूद आमी राखला बरं का." पुन्हा सगळे हसले. या खेपेला तर माझ्याकडची माणसंही हसली.

नवाबसाहेब शेरवानी घालून आले होते. माझ्या शेजारी खुर्ची घेऊन बसले आणि बग्गीकडं बघत हळूच म्हणाले, "अब तो बताइए, कैसी है?"

मला राहवलं नाही. "एक नंबर आहे. आख्ख्या मराठवाड्यात अशी नाही. पहिल्या दिवसापासून माहीत होतं मला."

"पहिल्या दिवशी बोलला असतात तर आज तुमच्या दारात उभी असती. वालिद की चीज़ है. कबाड़ कहने वाले के हाथ कैसे देता?"

"मग तेव्हा तोंडानं सांगायचं होतं!" मी इतक्या जोरात म्हणालो की भटजी मंगलाष्टकं म्हणता म्हणता थांबले. नवाबसाहेबांनी खिशातून अत्तराचा फाया काढून माझ्या हातात ठेवला आणि भटजींना पुढं चालू द्या अशी खूण केली.

माझं अजूनही म्हणणं आहे की त्यांनी धंद्याच्या गोष्टीत खानदान मध्ये आणलं. बायको म्हणते, जाऊ द्या आता, बग्गी घरातच राहिली ना. राहिली, पण कुणाच्या घरात? दिवाळीला मुलगी आणि जावई तिच्यात बसून माहेरी येतात. वळणावर बैलांच्या घुंगरांचा आवाज आला की गल्लीतली पोरं पळत सुटतात आणि माझ्या दुकानासमोर, माझ्या तोंडावर ओरडतात, "देवगावकरांची बग्गी आली!"