लढाईचा फुगा आणि आमचा उत्तम गॅस

सन १८९४, जानेवारीतला मंगळवार, सकाळ. लालबागच्या गॅस कारखान्यामागच्या मोकळ्या जागेत लष्कराचा फुगा भरून उभा होता. आत बारा हजार घनफूट गॅस, दर हजारी सहा रुपये, म्हणजे एकूण बहात्तर रुपयांचा. हजर माणसे: फुग्याचे कॅप्टन, त्यांचे दहा शिपाई, आमचे सुपरिंटेंडेंट साहेब, भट्टीवरची टोळी, तिचे मुकादम बाबू परब, आणि शिफ्टचा ओव्हरसियर म्हणून मी.

कॅप्टन टोपलीत चढले. दोर सैल केले. फुगा डोलला, थोडा कलला, आणि टोपली होती तिथेच राहिली.

बाबू माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "भाऊसाहेब, सायब जड काय गॅस जड?"

मला हसू आले. साहेबांनी विचारले, "काय म्हणतो तो?" सांगणे भाग पडले. साहेब हसले नाहीत. कपाळाला हात लावून म्हणाले, "गॅसच जड आहे. आणि तो आपणच जड केला."

झाले होते ते असे. असे फुगे खरे तर हायड्रोजनने भरतात. तो सगळ्यांत हलका वायू. लोखंडी नळ्यांत दाबून तो विलायतेहून येई. या वेळी नळ्या एडनलाच अडकल्या. कॅप्टनना गुरुवारी जनरलसाहेबांसमोर फुगा वर नेऊन दाखवायचा होता. नाही दाखवला तर सगळे सामान पेट्यांत भरून परत विलायतेला, असा हुकूम होता. म्हणून ते आमच्याकडे दगडी कोळशाचा गॅस मागायला आले. साहेबांनी मला सांगितले, "लष्कराचे काम आहे. उत्तम द्या."

आमच्या धंद्यात उत्तम गॅस म्हणजे झगझगीत जळणारा. त्यासाठी कोळशात थोडा कॅनेल घालतात. हा स्कॉटलंडचा महागडा कोळसा. त्याने ज्योत पांढरी होते, पण गॅस वजनाला भरतो. मी नेहमीपेक्षा दीडपट कॅनेल घालायला लावला होता. गिरगावातल्या एकाही दिव्याला कधी मिळाला नसेल असा गॅस त्या फुग्यात होता.

तिथेच उभ्याने हिशेब केला. या गॅसवर फुगा चारशे चाळीस रत्तल वजन उचलणार. कापड, जाळी, टोपली आणि उंचावर जाणारा दोर मिळून तीनशे साठ. उरले ऐंशी. कॅप्टन एकटे एकशे सत्तर.

"माझ्याऐवजी एखादे पोर पाठवायचे काय?" कॅप्टन म्हणाले.

"पोराला दुर्बिणीतून काय दिसले ते जनरलला कोण समजावणार?" साहेब म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "आपला सगळ्यांत वाईट गॅस कोणता?"

प्रश्न बरोबर होता. रिटॉर्ट म्हणजे मातीचा बंद नळा. त्यात कोळसा घालून बाहेरून तापवतात. सहा तासांत एक घाणा निघतो. पहिल्या चार तासांत येतो तो चांगला गॅस. शेवटी येतो तो पिचका, निळसर जळणारा. तो आम्ही चांगल्यात मिसळून खपवत असू. पण वजनाला तो फार हलका. तेवढाच वेगळा काढला तर फुगा पावणेसहाशे रत्तल उचलणार होता. कॅप्टन, दुर्बीण, झेंडे, सगळे त्यात बसत होते.

अडचण एकच. बुधवारच्या एका दिवसात तेवढा गॅस हवा, तर घाणा सहाऐवजी आठ तास ठेवायला हवा. आणि भट्टीवाल्यांची मजुरी घाण्यावर. जितके घाणे कमी, तितके आणे कमी.

हे बाबूंना सांगितले. त्यांनी टोळीकडे पाहिले, मग फुग्याकडे.

"ह्येचो उपेग काय, ता तरी सांगा."

मी कॅप्टनना विचारले. ते टोपलीतून उतरून बाबूंच्या समोर आले. मी मधे उभा राहून दोघांचे बोलणे इकडून तिकडे करत होतो.

"आफ्रिकेतल्या लढाईत मी असाच वर होतो," कॅप्टन म्हणाले. "टेकडीमागे माणसे दबा धरून बसली होती. खालून एकही दिसत नव्हता. वरून मला त्यांच्या बंदुकासुद्धा दिसल्या. आमची तुकडी वाट बदलून गेली."

बाबूंनी पुन्हा विचारले, "डोंगरामागे बसलेलो माणूस दिसता? खरां?"

"खरे."

बाबू मुलाविषयी म्हणाले, "माझो झील पलटणीत आसा. सरहद्दीर. थंय सगळे डोंगरच, म्हणान कागद येता." मागे वळून त्यांनी टोळीला हात केला. "आठ तास ठेवतंव. पण भाऊसाहेब, घाण्याचे पैशे?"

"ते मी साहेबांशी बोलतो."

"बोला. फुगो वर गेलो म्हणान आमचां पोट भरणा नाय."

मंगळवारचा उत्तम गॅस हवेत सोडून दिला. बुधवारी मी गॅस साठवायची छोटी टाकी शहराच्या नळापासून तोडून घेतली आणि व्हॉल्व्हपाशी खुर्ची टाकून बसलो. तो पिचका गॅस चुकून शहरात गेला असता तर गिरगाव काळोखात जेवले असते आणि माझी नोकरी गेली असती. प्रत्येक घाण्याला चार तास झाले की बाबू ओरडत, "फिरवा." मी नळ टाकीकडे फिरवत असे.

गुरुवारी जनरलसाहेब आले. त्यांनी आधीच शिवडीच्या टेकडीमागे काही शिपाई लपवून ठेवले होते. किती आणि कुठे, ते कॅप्टनना सांगितले नव्हते. कॅप्टन टोपलीत चढले. दोर सैल केला तसा फुगा सरळ वर निघाला. गिरणीच्या चिमण्यांच्या वर जाऊन थांबला. बाबू हात डोळ्यांवर धरून बघत होते.

थोड्या वेळाने वरून झेंडा हलू लागला. खालचा शिपाई खुणा वाचून मोठ्याने सांगत होता. टेकडीमागे बावीस माणसे. दोन खेचरे. एक जण झोपलेला.

जनरलसाहेबांनी आपल्या माणसाकडे पाहिले. "बावीस बरोबर. झोपला कोण आहे ते मला कळले पाहिजे."

बाबूंना मी मराठीत सांगितले. ते म्हणाले, "गरिबाक कित्याक उठवतास?" पण तोंडभर हसत होते.

फुग्याचे सामान विलायतेला गेले नाही, इथेच राहिले. सरहद्दीवर मात्र बाबूंच्या मुलाच्या पलटणीबरोबर तो फुगा कधीच गेला नाही. मुलगा पुढच्या वर्षी सुखरूप रजेवर आला. बाबूंनी त्याला कारखान्यात आणून मला दाखवले आणि पेढे दिले.

तेव्हापासून कोणी "उत्तम द्या" म्हटले की मी आधी "कशासाठी?" म्हणून विचारतो.

पैशांचे असे मिटले. मंगळवारचे बहात्तर रुपये कंपनीने सोसले. गुरुवारचा गॅस दिव्याच्या लायकीचा नव्हता, म्हणून साहेबांनी लष्कराला निम्मा दर लावला. त्याचे छत्तीस रुपये कंपनीला मिळाले. बुधवारी तीन भट्ट्यांवर एकेक घाणा बुडाला होता; त्या तीन घाण्यांचे तीन रुपये बाबू परबांच्या टोळीला, आठ जणांत माणशी सहा आणे, शनिवारी माझ्या हाताने दिले.