अक्कांचं समुद्रफूल

"स्वल्प थांब अण्णा, मिटतंय ते!"

मी गिऱ्हाइकावर आवाज चढवला की अक्कांचा तळहात वर व्हायचा. नजर मात्र काचेवरून हलायची नाही. गिऱ्हाईक हसायचं आणि माझा भाव पडायचा.

चामराजपेटेत माझं शोभेच्या माशांचं दुकान होतं. अक्का वर राहणाऱ्या कानडी घरमालकीण; 'जरा थांब'ला त्या 'स्वल्प थांब' म्हणायच्या. निपाणीहून आलो तेव्हा मी सायकलला बरण्या बांधून मासे विकत फिरायचो, पुढं त्यांचा गाळा भाड्यानं घेतला. एकदा कारवारकडून आलेल्या एका दगडाला चिकटून समुद्रफूल आलं. नखाएवढं, लालसर. खडकातल्या डबक्यात राहणारा जीव तो. मीठ कालवलेल्या पाण्यात इथं तगला. जरा धक्का लागला की मिटून जांभळाच्या गरासारखा गोळा व्हायचा.

"फूल किती गोड आहे!"

"अक्का, फूल नाही, प्राणी आहे. कोळंबी खातो."

"मग तुझ्या संगतीनं बिघडलंय."

आणि तुम्ही पाहायला हवं होतं. शाकाहारी घरातली ही बाई रोज सकाळी पदर नाकाला लावून चिमट्यानं त्याला कोळंबीचा कण भरवायची. वर मलाच दम, "सुनेला सांगशील तर बघ!"

मला तो गाळा हवा होता. विकायचा झाला तर तुलाच, असा अक्कांचा शब्द होता. कागद करू म्हटलं की ठरलेलं उत्तर, "स्वल्प थांब. मी काय पळून चालले?" बाजारात भाव करताना मला कुणी हरवलं नाही. या बाईनं दोन शब्दांवर मला वर्षानुवर्षं बसवून ठेवलं.

मग एक दिवस दोन माणसं टेप घेऊन गाळा मोजायला आली. घर बिल्डरला विकून महिना उलटला होता. त्या महिन्यातही अक्का रोज खाली येत होत्या, कोळंबी भरवत होत्या, माझ्याशी हसत होत्या.

"अक्का, शब्द दिला होता तुम्ही."

"मुलगा ऐकेना रे, अण्णा." नजर काचेवरच. "हळू बोल, मिटतंय."

"मिटू दे!" मी काचेवर हात आपटला.

अक्का मुलाकडं देवनहळ्ळीला गेल्या. मी समुद्रफूल दगडासकट पीण्या नावाच्या कारखान्यांच्या भागात, नव्या दुकानात आणलं. तिथं कामगार येतात, दोन गप्पी मासे घेतात आणि जातात.

उन्हाळ्यात मुलाचा फोन आला. "आई अंथरुणावर आहे. सारखं ते फूल मागते. म्हणाल ते देतो."

"अक्कांना सांग, स्वल्प थांबा."

पुन्हा फोन आला. पुन्हा तेच सांगितलं. थांबणं काय असतं, ते कळू दे म्हटलं एकदा.

तिसरा फोन तेराव्याचा होता. मी गेलो नाही.

समुद्रफूल अजून सकाळी त्यांच्याच वेळेला उघडतं. चिमटा धरून मी उभा राहतो. कुणी मोठ्यानं बोललं तर हात वर करून गप्प करतो.

तुम्हीच सांगा. मी इतकी वर्षं थांबलो. त्यांना एक उन्हाळा थांबता आलं नाही.