जुलैतल्या नऊ नोंदी

या सदरातले अनुभव मी इतकी वर्षं करमणूक म्हणून वाचत आले. चहा घेता घेता नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवायचे आणि दोघांनी हसायचं. सॉफ्टवेअरमध्ये पंचवीस वर्षं काढली मी. आमच्याकडे काही विचित्र घडलं की त्याला बग म्हणतात, आणि तो सापडेपर्यंत कुणाला घरी सोडत नाहीत. हा एक बग मला अजून सापडलेला नाही, म्हणून लिहायला बसले आहे.

आणखी एक आधीच कबूल करते. या गोष्टीत मी बिचारी वगैरे नाही. मला सूड हवा होता... अगदी मनापासून हवा होता.

माझे बाबा खडकीला कारखान्यात फिटर होते. आम्ही क्वार्टर्समध्ये राहायचो. ड्यूटीवरून आल्यावर जाड काच हाताने घासून घासून त्यांनी दहा इंची आरसा तयार केला आणि दुर्बीण बांधली. लोक शनीची कडी बघतात, चंद्रावरचे खड्डे बघतात. बाबा एकच गोष्ट बघायचे — श्यामशबल तारकासमूहातली एक दीर्घिका, म्हणजे गॅलक्सी. कॅटलॉगमध्ये तिला नाव नाही, नुसता नंबर आहे. तिच्या मध्यभागी एक ठिपका दिसतो. आत मोठं कृष्णविवर आहे आणि त्यात पडणारा वायू तापून उजळतो, म्हणून तो ठिपका कधी मंद असतो, कधी तेजस्वी. बाबा शेजारच्या ताऱ्यांशी तुलना करून त्याचं तेज ठरवायचे आणि आकडा सांगायचे. तो वहीत लिहिणं माझं काम. आकडा जितका लहान तितकं तेज जास्त, असा तो उलटा कारभार.

त्यांचा एक कडक नियम होता. कालचा आकडा आज बघायचा नाही. कालचा माहीत असला की डोळा त्याच्याच जवळपासचं सांगतो, म्हणायचे. म्हणून वरच्या ओळींवर एक जुनं पोस्टकार्ड ठेवायचं आणि खाली लिहायचं. तारीख, वेळ, आकडा, आणि शेवटच्या रकान्यात शेरा. शेरा बहुतेक वेळा एकच — "आकाश स्वच्छ". जूनमध्ये ढग आले की लाल रेघ मारून "पाऊस. बंद." लिहायचे आणि वही थेट दिवाळीच्या सुमाराला उघडायची. अठरा वर्षांत हे एकदाही चुकलं नाही.

एकदा मी विचारलं होतं, "कंटाळा नाही येत हो तुम्हाला? एकच ठिपका..."

"ती कधी भडकेल याचा नेम नाही," बाबा म्हणाले. "त्या रात्री कुणीतरी जागं असायला नको का?"

पुढे आकाशदर्शन मंडळात एका सरांशी त्यांची ओळख झाली. त्यांचं नाव लिहीत नाही, तेवढीही प्रसिद्धी मला त्यांना द्यायची नाही. सर कॉलेजात शिकवायचे, भाषणं द्यायचे, वर्तमानपत्रात लिहायचे. "आपण दोघांच्या नावावर छापू" म्हणून वह्या घेऊन गेले, झेरॉक्स काढून परत दिल्या. लेख आला तेव्हा त्यात एकच नाव होतं. "गेली सोळा वर्षं मी माझ्या गच्चीवरून..." असं पहिलंच वाक्य. बाबांचा उल्लेख शेवटीसुद्धा नाही.

मी संतापून लेख त्यांच्यापुढे आपटला. बाबांनी चष्मा लावला, सगळं कोष्टक बोटाने वाचत गेले आणि म्हणाले, "आकडे बरोबर छापलेत." बस्स, एवढंच. पण मंडळात जायचं त्यांनी त्या दिवसापासून सोडलं. निरीक्षण मात्र चालू होतं. दोन वर्षांनी मे महिन्यात हार्ट अटॅकने गेले. त्याच्या तीनच दिवस आधीची नोंद वहीत आहे.

चौदाव्या दिवशी सर भेटायला आले. आईसमोर पाच मिनिटं हळहळले आणि मग माझ्याकडे वळले. "वैशाली, तू कॉम्प्युटरमध्ये आहेस ना? डिसेंबरात माझा सत्कार आहे. या सगळ्या नोंदी टाइप करून स्क्रीनवर आलेख काढता आला तर... तुझ्या बाबांनाही बरं वाटेल."

आई उठून आत गेली. मी म्हटलं, "करते की, सर."

का हो म्हटलं ते उघड आहे. खोट्या नोंदी घुसवायच्या, भर सभेत याचं हसं करायचं. तो वायटूकेचा काळ, ऑफिसात दिवसरात्र दुसऱ्यांच्या तारखा दुरुस्त करत होतो आम्ही. दोन-चार तारखा बिघडवायला मला किती वेळ लागणार होता?

रविवारी दुपारी आमच्या कोथरूडच्या फ्लॅटमध्ये मी टाइप करत बसायचे. सवयीने वरच्या ओळींवर तेच पोस्टकार्ड. सगळ्या मिळून सहाशे अकरा नोंदी झाल्या. शेवटची मे महिन्यातली टाइप केली आणि म्हटलं, आता घुसवायचं. पाच-सहा वेळा बोटं की-बोर्डवर ठेवली... जमलं नाही. त्या वह्यांत खोटा आकडा माझ्या हातून पडेना. त्या दिवशी मला माझाच राग आला. सूडसुद्धा धड घेता येत नाही म्हणून रडले.

सत्काराच्या आदल्या शनिवारी प्रोग्रॅम घरी चालवून बघितला. सहाशे अकरा ठिपके, रेषा हळूहळू मंद होत गेलेली, मे महिन्यात संपलेली. फ्लॉपी पर्समध्ये टाकली आणि ती पर्स कार्यक्रमापर्यंत माझ्याजवळच होती. दुसऱ्या पिशवीत मूळ वह्या घेतल्या. का घेतल्या ते सांगता येणार नाही.

सभागृह भरलेलं होतं. सरांना माउस धरता येत नव्हता, म्हणून मीच स्टेजच्या कोपऱ्यात बसले. ठिपके एकेक करत पडद्यावर उमटू लागले. सर बोलत होते — माझी गच्ची, माझ्या जागलेल्या रात्री. मी दात आवळून बसले होते. मे महिना आला. मी हात काढून घेतला.

ठिपके थांबले नाहीत. आणखी नऊ आले. रेषा एकदम वर चढली. आमच्या अठरा वर्षांत ती इतकी वर कधीच गेली नव्हती.

सर क्षणभर अडखळले. तेवढ्यात पहिल्या रांगेतले हवामान खात्यातून रिटायर झालेले एक आजोबा उभे राहिले. "ही शेवटची उसळी कधीची म्हणायची?"

सरांनी तारखांवरून नजर फिरवली. "जुलैची. ही मी स्वतः टिपली. जगात फार थोड्या लोकांकडे असेल."

"यंदाच्या जुलैत? कुठून?"

"अर्थात माझ्या गच्चीवरून."

"वा," आजोबा म्हणाले. "मी छत्तीस वर्षं पुण्याचे ढग मोजले. जुलैत नऊ रात्री आकाश मोकळं मिळालं असतं तर खात्यात पेढे वाटले असते. आपल्या गच्चीचा पत्ता देऊन ठेवा. पुढच्या पावसाळ्यात आम्हीही येतो."

सभागृह हसलं. सर लालबुंद झाले. माझ्याकडे बोट करून म्हणाले, "टायपिंगची चूक आहे. या मुलीने केलंय."

मी उठले. "टायपिंग मी केलं. नोंदी माझ्या वडिलांच्या आहेत, यातली एकही सरांची नाही. ह्या त्यांच्या वह्या. हस्ताक्षर कुणाचं ते बघून घ्या." बाबांचं नाव आडनावासकट घेतलं. आजोबांनी वह्या उघडल्या, पानं उलटली आणि शेजारच्याकडे दिली. वह्या रांगेरांगेतून फिरत राहिल्या. सर हार टेबलावरच ठेवून मागच्या दाराने गेले. त्यानंतर त्यांचं भाषण पुण्यात मी ऐकलं नाही.

मला किती आनंद झाला म्हणून सांगू! लाज वाटली नाही, आजही वाटत नाही.

पण घरी येऊन कॉम्प्युटर लावला. माझ्या मूळ फाइलमध्ये सहाशे अकरा ओळी. फ्लॉपीवर सहाशे वीस. फाइल शेवटची सेव्ह केल्याची वेळ दोन्हीकडे तीच, शनिवारची. सगळे म्हणाले मीच घुसवल्या. नवराही म्हणाला, "केलंस ते बरं केलंस, पण मला तरी खरं सांग." मी सांगितलं. त्याने विषय बदलला. आईला सांगितलं तेव्हा तिने पलंगाखालची ट्रंक ओढून दाखवली. आरसा तिच्या जुन्या लुगड्यात गुंडाळलेला, बाबा गेल्यावर तिने बांधलेली गाठ तशीच.

मला एकच टोचत होतं. बाबांच्या नोंदींत नऊ खोटे आकडे शिरले होते. कुणी घुसवले, कसे शिरले हे कळो न कळो, ते मी पुसणार होते.

पुसायच्या आधी, पुढच्या उन्हाळ्यात एकदा इंटरनेटवर एका परदेशी वेधशाळेची त्या वर्षाची मोजमापं मिळाली. जुलैत ती दीर्घिका खरंच भडकली होती. मी पोस्टकार्ड घेतलं, त्यांचे आकडे झाकले, आमचा एक वाचायचा आणि मग कार्ड खाली सरकवायचं. एक जुळला. दुसरा जुळला. आठच्या आठ जुळले, दशांशासकट. नवव्या रात्री त्यांच्याकडे नोंदच नव्हती. नंतर खूप शोधलं. त्या रात्रीची नोंद जगात दुसऱ्या कुणाकडे मला सापडलेली नाही.

बाबांनी मला हवा होता तो सूड घेतला, पण खोटं लिहून नाही.

पुढे सगळ्या नोंदी एका आंतरराष्ट्रीय संस्थेला पाठवल्या. शेवटच्या नऊसुद्धा पाठवल्या. त्यांचा फॉर्म असतो. निरीक्षकाचं नाव — बाबांचं पूर्ण नाव लिहिलं. साधन — घरी घासलेला दहा इंची आरसा. शेरा — फ्लॉपीवर होता तोच, नऊही रात्रींचा एकच, "आकाश स्वच्छ". हे नऊ आकडे आले कुठून, ते मला तेव्हा सांगता आलं नाही, आजही येत नाही. फॉर्ममध्ये निरीक्षणाचं ठिकाण असा एक रकाना होता. तो मी कोरा ठेवला.