आठच्या आकड्यावरची फुली

जेसल पार्कच्या आमच्या फ्लॅटच्या हॉलमध्ये मी बारावीच्या मुलांना फिजिक्स शिकवते. तोंडाने फटकळ आहे, हे सगळ्यांना ठाऊक. मला त्याचा अभिमानही होता. आग लागो त्या अभिमानाला!

त्या दिवशी समविभव पृष्ठं चालली होती. अशा पृष्ठावर सगळीकडे व्होल्टेज सारखंच, त्यामुळे त्यावरून विद्युतभार कितीही फिरवा, काम शून्य. एकाच मजल्यावर हिंडताना जिना चढावा लागत नाही, तसं. आणि नियम असा की ही पृष्ठं एकमेकांना छेदत नाहीत. विद्युतक्षेत्र पृष्ठाला काटकोनात असतं; छेदली तर एकाच बिंदूवर क्षेत्राला दोन दिशा येतील. इतकी वर्षं हेच घोकून घेतेय.

मग दोन सारख्या धनभारांची आकृती काढायला सांगितली. मोरवा गावाहून येणाऱ्या एका मुलीने दोन्ही भारांना वेढणारा इंग्रजी आठचा आडवा आकडा काढला. मधोमध रेघ स्वतःलाच छेदत होती. मी लाल पेनाने फुली मारली.

"पण मॅडम," ती म्हणाली, "मधी तर क्षेत्रच न्हाय. दोन्हीकडचा जोर कटतो. मग दिशा कसली?"

"हाय-न्हाय आधी घरी ठेवून ये, मग मला फिजिक्स शिकव."

सगळे खो खो हसले. ती खाली बसली.

मुलं गेल्यावर मी कागद घेतला. खरं सांगते, तिची जिरवायला पुरावा हवा होता. मधल्या बिंदूचं व्होल्टेज काढलं, तेवढ्याच व्होल्टेजचे बिंदू शोधत गेले. अगं बाई! आठच आला. नियम वेगवेगळ्या व्होल्टेजच्या पृष्ठांचा होता. क्षेत्र शून्य असेल तिथे एकच पृष्ठ स्वतःला छेदू शकतं. पोरीला पाच मिनिटांत दिसलं ते मला इतक्या वर्षांत दिसलं नव्हतं, आणि वर मी तिची भाषा काढली होती. मेल्याहून मेल्यासारखं झालं. उद्या सगळ्यांसमोर चूक कबूल करायची, असं ठरवलं.

दुसऱ्या दिवशी ती सगळ्यांच्या आधी आली. वही पुढे केली. आठचा आकडा फुलीसकट रबराने इतका घासला होता, की कागद फाटायला आला होता. शेजारी दोन सुटे गोल काढले होते.

"माझं चुकलं, मॅडम," ती एकेक शब्द जपून म्हणाली. "आता बरोबर आहे ना?"

बाकीची मुलं दारात चपला काढत होती. मी पेन उचललं, गोलांखाली बरोबरची खूण केली, आणि म्हणाले, "शाब्बास."