छागलीचं पहिलं पाणी

"आधी पानी पी, मंग बोल."

आमच्या गल्लीतला छागलवाला दारात आलेल्या कुणालाही हेच म्हणायचा. गिऱ्हाईक असो की भांडायला आलेला शेजारी, छागलीचं तोंड पुढे धरायचा. छागल म्हणजे पाण्याची चामडी पिशवी. जो प्यायला बिचकेल त्याच्याशी पुढे बोलणं बंद. मी तहसील कचेरीत कारकून होतो. मी प्यालो, म्हणून आमची ओळख झाली.

नव्या छागलीतलं पहिलं पाणी शिवणाऱ्यानंच प्यायचं, असा त्यांच्यात रिवाज होता. चामड्याचा वास गेला की नाही, हे दुसऱ्याच्या घशावर कोण अजमावणार? तो घोट घ्यायचा, डोळे मिटायचा आणि म्हणायचा, "आता इका."

बायकोची हकिगत त्यानं मला एकदाच सांगितली. तेव्हा ती दोघं पालीला राहत. त्यांचा माल आमच्या बीडचाच एक शेट घ्यायचा. ऐन वैशाखात ती डोक्यावर नव्या छागलींचा भारा घेऊन शेटच्या दारात आली. अंगणात विहीर होती. वरून ओंजळीत पाणी घाला, एवढंच तिनं मागितलं. शेट म्हणाला, "गडी आला की घालील," आणि आत जाऊन झोपला. गडी आला तेव्हा ती दारापुढच्या लिंबाखाली मरून पडली होती. भोवती सगळ्या छागली, रिकाम्या.

"तवापासून गिळून बसलोय," तो म्हणाला. "पचत न्हाई."

पुढे गावच्या कमिटीची निवडणूक निघाली. त्यात एक जागा कारागिरांसाठी राखलेली होती. अट एकच, उमेदवार स्वतःच्या हातानं धंदा करणारा हवा. छागली विकणाऱ्या त्याच शेटनं या जागेसाठी अर्ज भरला. गल्लीतल्या सगळ्यांचा माल तोच घ्यायचा, त्यामुळे तोंड कोण उघडणार? छागलवाल्यानं उघडलं. त्यानं हरकत घेतली.

तपासणीच्या दिवशी कचेरी भरून गेली. शेटचे भाऊबंद झाडून आले होते.

"बापजाद्यांचा धंदा आहे, साहेब. मी स्वतः शिवतो," शेट बेधडक म्हणाला.

तहसीलदारांनी छागलवाल्याकडे पाहिलं. "सबूत?"

त्यानं रिवाज सांगितला, भरलेली नवीकोरी छागल शेटपुढे धरली आणि म्हणाला, "आधी पानी प्या, मंग बोला."

शेटनं मागे वळून भाऊबंदांकडे पाहिलं. पुढ्यात कमिटीची खुर्ची आणि पाठीशी सगळी जात. तो उठून जाईल असंच आम्हाला वाटलं. शेटनं छागल घेतली आणि घटाघटा प्याला.

छागलवाला त्याच्याकडे बघतच राहिला. "म्हंजी पिता येतं की, शेट. आमच्या हातचं तुमाला पिता येतं. मंग तुमच्या हिरीचं तिला कावून न्हाई?"

शेटचे भाऊबंद एकेक करून बाहेर पडले. सगळे गेल्यावर छागलवाल्यानं आरी आणि दोरा पुढे ठेवला. "आता एक टाका घाला."

शेटला आरी धरतासुद्धा येईना. अर्ज बाद झाला. टाका आधीच मागता आला असता, हे मला घरी येताना सुचलं. पण छागलवाल्याला आधी पाणीच पाजायचं होतं. शेटची जागा गेली, जातही गेली. मला त्या दिवशी मनापासून आनंद झाला. आजही होतो.

"झालं का समाधान?" मी छागलवाल्याला विचारलं.

"ती कुटं उठून बसली?"

त्यानंतर दर उन्हाळ्यात तो शेटच्या दारापुढच्या लिंबाला भरलेली छागल टांगायचा. शेट ती काढून फेकायचा, की सकाळी दुसरी हजर. येणारे-जाणारे पीत आणि शेट बघत बसायचा.

छागलवाला गेला. पुढच्या वैशाखात ती फांदी रिकामी दिसली आणि माझं डोकं फिरलं. मी घरची छागल भरून नेली. शेट उंबऱ्यावर एकटाच बसला होता, अगदी वाळून गेलेला. मी छागल टांगणार, तेवढ्यात तो उठून आला आणि त्यानं ओंजळ पुढे केली.

गडी आला की घालील, हे शब्द माझ्या अगदी ओठांवर आले होते. पण छागल छागलवाल्याच्या हातची होती.

"आधी पाणी पी," मी म्हणालो. आणि छागल उंच धरून, तिनं मागितलं होतं तसं, वरून त्याच्या ओंजळीत ओतलं.