पांढऱ्या डोळ्यांचा टीट्के

बर्लिनच्या स्टुडिओंत एवाल्ड टीट्केला नावानं कुणी ओळखत नसे. ‘आंधळ्याला बोलवा’ म्हटलं की टीट्के हजर. आता या माणसाची नजर इतकी साफ, की ट्रामचा नंबर तो कोपऱ्यावरूनच वाचायचा. पण डोळे होते फिकट निळे, आणि त्या काळच्या फिल्मला निळं काही कळतच नसे. निळं आभाळ पडद्यावर पांढरंफटक यायचं, तसेच टीट्केचे डोळेही. बुबुळाच्या जागी नुसता चुना.

गोर्लिट्झ गावच्या नाटक कंपनीत तो प्रियकराची कामं करायचा. सिनेमातही आधी प्रियकर म्हणूनच घेतलं होतं. त्यानं नायिकेकडे प्रेमानं पाहिलं आणि थिएटरात एक बाई किंचाळली. झालं! तेव्हापासून आंधळा भिकारी, आंधळा बाजावाला, बुडून मेलेला खलाशी, नाहीतर भूत. पंधरा वर्षं हेच. काम कधी कमी पडलं नाही, हेही खरं; पण माणसाला पोटापलीकडे काही असतं की नाही?

त्यात ते कार्बनचे रणरणते दिवे. आंधळ्यानं पापणी लववायची नाही, हा प्रत्येक दिग्दर्शकाचा हट्ट. खरे आंधळे पापण्या लववत नाहीत असं यांना कुणी सांगितलं होतं, देव जाणे. संध्याकाळी टीट्के घरी यायचा तो डोळे सुजवूनच. बायको अल्विना त्याला खुर्चीत बसवायची, फडक्यात गार चक्का बांधून डोळ्यांवर ठेवायची आणि चुलीवर बटाटे चढवायची. दोघं फारसं बोलत नसत. दमल्या माणसाशी बोलणार तरी काय!

अल्विनानं नवऱ्याचा एकच सिनेमा पाहिला होता, तोही अर्धा. मध्येच उठून आली. ज्या डोळ्यांवर भाळून लग्न केलं ते तिथं नव्हतेच, म्हणाली. पुन्हा कधी चल म्हटलं की तिचं एकच उत्तर: “मेल्यावर तू कसा दिसशील ते आत्ताच कशाला बघू?” हे टीट्केच्या फार जिव्हारी लागलं होतं. एकदा तरी हिनं आपल्याला पडद्यावर डोळ्यांसकट पाहावं, एवढीच त्याची इच्छा उरली होती.

आणि मग नवी फिल्म आली. कॅमेरावाला पागेल जुना दोस्त, त्यानं आडपडदा न ठेवता सांगितलं, की या फिल्मला निळं दिसतं. “तुझं आंधळेपण संपलं, गड्या. दिग्दर्शक वेन्ड्रिख साहेबांना नव्या सिनेमात नवरीचा बाप हवाय. तो जमला तर जमला, नाहीतर अवघड आहे.”

चाचणी घेतली. टेबलाशी बसून पाव कापायचा आणि लेक दारात आली की मान वर करायची, एवढंच. ही चाचणी पडद्यावर बघायच्या दिवशी पागेल म्हणाला, वहिनींनाही आण. अल्विना टोपीला इस्त्री करून आली आणि पुढच्या रांगेत एकटीच बसली. टीट्के मागे, वेन्ड्रिख साहेबांच्या शेजारी.

पडद्यावर टीट्केनं पाव कापता कापता मान वर केली आणि डोळे दिसले. बुबुळं, कडा, आतला ओलावासुद्धा. पुढे अल्विना हळूच स्वतःशी म्हणाली, “हा बघ, हा माझा.”

वेन्ड्रिख साहेब त्याच्या कानाशी वाकले. “काम चोख आहे हो, टीट्के. पण असा बाप कुठल्याही ट्रामच्या थांब्यावर उभा असतो. तुमच्याकडे बघून माणूस दचकायचा. आता काय बघायचं?” त्यांनी त्याच्या खांद्यावर थोपटलं आणि कॉफी प्यायला निघून गेले. गरज सरो, वैद्य मरो. दुसरं काय!

अल्विनाला यातलं काहीच ऐकू गेलं नव्हतं. तिनं मागे वळून, यंत्र चालवणाऱ्या पागेलला, परत एकदा दाखवाल का, म्हणून विचारलं. पागेलनं मुकाट्यानं रीळ उलटं गुंडाळलं. या खेपेला टीट्केनं पडद्याकडे पाहिलंच नाही. तो बायकोकडे बघत बसला. गोर्लिट्झला ती पहिल्या रांगेत अशीच बसायची, मान उंच करून.

बाहेर आल्यावर तिनं विचारलं, “कधी लागणार हा? या वेळी मी शेवटपर्यंत बसेन बघ.”

“लागून गेला गं,” टीट्के म्हणाला. “तू पाहिलास तेवढाच.”

कोपऱ्यावरच्या दूधवाल्यापाशी अल्विना सवयीनं चक्का घ्यायला थांबली. टीट्केनं तिची बाही धरली. आता चक्का नको, म्हणाला, यापुढे डोळे सुजायचे नाहीत.

तिनं घेतलाच. “बटाट्यांबरोबर खाऊ,” म्हणाली.